निवळ ग्रहावरचे आमचे भाऊजी

आख्ख्या नागपुरात दुसऱ्या ग्रहावर राहणारा आणि पेन्शन मात्र इथल्या बँकेतून उचलणारा माणूस एकच आहे, आणि तो आमच्या वरच्या खोलीत असतो. नात्याने माझ्या नणंदेचे यजमान. मी त्यांना भाऊजी म्हणते, ते मला वहिनी. नणंद म्हणजे आमच्या ताई गेल्या, त्यानंतर दोन वर्षांनी हे कोराडीच्या वीज केंद्रातून निवृत्त झाले. क्वार्टर सोडावं लागलं, म्हणून आम्हीच त्यांना इकडे मानेवाड्याला बोलावून घेतलं. सामान म्हणजे दोन लोखंडी पेट्या, एक गादी आणि एकोणीस काचेच्या बरण्या. पेट्या आणि गादी मालवाहू ऑटोतून आली. बरण्या त्यांनी सिटी बसने आणल्या, मांडीवर धरून, एका फेरीला एक. बाराव्या फेरीनंतर मी विचारलं, "अहो, ऑटोत सगळ्या एकदम नसत्या आल्या का?"

"ऑटोत हलतात."

"आणि बसमध्ये नाही हलत?"

"बसमध्ये मी हलतो, वहिनी. बरणीले नाही हलू देत."

या माणसाचं आयुष्यभराचं काम म्हणजे बॉयलरला जाणारं पाणी तपासणं. पाण्यात क्षार राहिले की नळ्यांना आतून पुटं चढतात, नळी फुटते, युनिट बंद पडतं. तीस-बत्तीस वर्षं भाऊजींनी क्षारांचा पाठलाग केला, त्यांना जिथे दिसतील तिथे गाठलं आणि हाकलून दिलं. आणि निवृत्त झाल्यावर, एखाद्या फौजदाराने जन्मभर पकडलेल्या चोरांना सन्मानाने घरी जेवायला बोलवावं, तसं त्याच क्षारांना घरात आणून बसवलं. तुरटी, मोरचूद, मीठ आणि मला नावं माहीत नसलेले आणखी चार प्रकार. गरम पाण्यात विरेल तितकं विरघळवायचं, दोऱ्याला एक कण बांधून आत सोडायचा आणि मग हात न लावता बसून राहायचं. कणावर थर चढत जातात, खडा मोठा होत जातो. इथवर ठीक आहे, शाळेतली पोरंसुद्धा हे करतात. पण भाऊजींच्या मते ते खडे नव्हतेच. ती निवळ नावाच्या ग्रहावरची माणसं होती. हा ग्रह आपणच रचला आहे हे त्यांना पक्कं ठाऊक आहे. कोणी विचारलं तर सरळ सांगतात, "मनातला आहे." फक्त 'मनातला आहे' हे ते 'वर्ध्याला आहे' अशा सुरात सांगतात.

निवळावर जमीन नाही, नुसती खाऱ्या पाण्याची डबकी आहेत आणि त्यांत निवळकर बसलेले असतात. निवळकर म्हणजे आरपार दिसणारे, सहा-आठ पैलूंचे जीव. त्यांना तोंड नाही, पोट नाही, पाय नाहीत. वर्षाला अंगावर एक थर चढतो, तेच जेवण आणि तोच वाढदिवस. कुठे जायचं असेल तर त्या बाजूला वाढायचं. शेजाऱ्याकडे पोचायला सातशे वर्षं लागतात, शेजारीही तुमच्याकडे यायला निघाला असेल तर साडेतीनशे. बोलणं उजेडाने होतं. एकाच्या अंगातून निघालेला उजेड दुसऱ्याच्या अंगात शिरतो, तिथे सगळ्या पैलूंवरून फिरतो आणि मग सावकाश परत येतो. एका वाक्याला एक ऋतू तरी लागतोच. होळीला विचारलेल्याचं उत्तर दिवाळीला. त्यामुळे तिथे भांडणं होत नाहीत, कारण उलट उत्तर येईपर्यंत आपण काय टोमणा मारला होता हेच आठवत नाही. आमच्या ह्यांनी हे पहिल्यांदा ऐकलं तेव्हा माझ्याकडे एकदा पाहून हळूच विचारलं, "भाऊजी, तिकडे बदली होते का?" निवळावर पाप एकच, पाणी ढवळणं. आणि मरण तर नाहीच. फार तर कोणी विरघळतं. त्याला ते 'पाण्यात गेला' म्हणतात.

एकोणीस बरण्यांपैकी अठरांना नंबर होते. नाव एकीलाच, थोरली. तिच्यातला तुरटीचा खडा पांढरा स्वच्छ, नारळाएवढा, आणि ती खिडकीपासून दूर कपाटाच्या खालच्या खणात ओल्या पोत्यात गुंडाळलेली. मोठी म्हणून थोरली, असं मी समजत होते. तिच्या पोटातला पहिला कण कोराडीच्या क्वार्टरात ताईंनी, जाण्याच्या आधीच्या हिवाळ्यात, स्वतःच्या हाताने दोऱ्याला बांधला होता. हे मला फार उशिरा कळलं. भाऊजींनी सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही. विचारत बसायला मला वेळ नसतो.

माझा वाळवणाचा उद्योग आहे. पापड, कुरड्या, मुगवड्या, शेवया. फेब्रुवारीपासून आमची गच्ची धोतरं आणि साड्या अंथरून भरलेली असते, हाताखाली मंदाबाई आणि आणखी तिघी. नागपूरचं ऊन फुकट मिळतं, पण ते साडेपाचला उतरायला लागतं, तोवर सगळं उरकावं लागतं. ताई मला नेहमी म्हणायच्या, "काहून धावून राहिली वं? गाडी सुटून राहिली का तुही?" ताई स्वतः कशालाच धावल्या नाहीत. त्यांच्या हाताला चव होती, फक्त मिठाचा हात फार सढळ. कोराडीला त्यांच्याकडे जेवून निघालो की आम्ही वाटेत कुठेतरी पाणी प्यायला थांबत असू. भाऊजी तेच रोज जेवायचे आणि एकदाही काही बोलले नाहीत. आता मला वाटतं, ते तेव्हापासूनच उत्तराचा विचार करत असावेत.

कारण निवळकरांचं वळण भाऊजींना पुरतं लागलं आहे. सकाळी मी जिन्यातून ओरडून विचारते, "भाऊजी, भाजी काय करू?" वरून काही येत नाही. मी फोडणी घालते, जेवणं होतात, दुसरा दिवस जातो, आणि तिसऱ्या दिवशी मी पापड मोजत असताना ते जिन्यात उभे राहून म्हणतात, "वांगी." एकदा विम्यासाठी एका मुलीचा फोन आला. "सर, आपल्यानंतर कुटुंबाचं काय, याचा विचार केला आहे का?" असं तिने विचारलं आणि भाऊजी खरोखरच विचार करायला लागले. ती थांबली. हॅलो म्हणाली. पुन्हा थांबली. मग घाबरून तिने "काका, बरं वाटतंय ना?" असं विचारलं आणि शेवटी घरात दुसरं कोणी असेल तर त्यांच्याकडे द्या म्हणाली. मी फोन घेतला. दोन मिनिटांत ठेवलाही. पुढच्या आठवड्यात भाऊजी म्हणाले, "त्या पोरीले सांगा, केला विचार. कोणी उरलं नाही."

माझ्या मुलीला बघायला खाप्याहून मंडळी आली होती, तेव्हा मी त्यांना बजावून ठेवलं होतं की निवळाचं नाव काढायचं नाही. त्यांनी मान हलवली. मुलाचे वडील संत्र्याचे बागायतदार, फेटा बांधलेले, बोलके. त्यांनी सहज विचारलं, "आपण सध्या काय करून राहिले?" खोटं बोलणं निवळावर शक्य नाही, आरपार दिसतं. भाऊजींनी पाऊण तास सगळं सांगितलं. मी चहाचा ट्रे धरून दारात उभी, माझ्या डोळ्यांपुढे मोडलेलं लग्न. त्या गृहस्थांनी शेवटपर्यंत ऐकून घेतलं आणि विचारलं, "पाणी खारं म्हणता. मग संत्रं नाही होत असंन तिथं?"

"नाही होत," भाऊजी म्हणाले.

"मोसंबी?"

"काहीच नाही होत."

ते आमच्या ह्यांच्याकडे वळले. "माणूस खरा हाय तुमचा. एखादा असता तर म्हणाला असता, होते थोडं थोडं." लग्न जमलं. आजही व्याही आले की आधी वर जातात, बरण्या बघतात आणि "यंदा काही लागलं का झाडाले?" असं विचारून खाली येतात.

माझं आणि भाऊजींचं खरं भांडण एकच, कुटण्यावरून. उडदाच्या पापडाचं पीठ कुटावं लागतं, आणि आमच्या बायका ते गच्चीवर, म्हणजे त्यांच्या खोलीला लागून कुटतात. दणका बसला की बरण्यांतलं पाणी थरथरतं. भाऊजी दारात येऊन उभे राहतात.

"निवळावर काहीच कुटत नाहीत, वहिनी."

"म्हणून तिथं पापड नाहीत, भाऊजी."

यावर ते आत जातात. गणपतीच्या मिरवणुकीत तर ते थेट डीजेच्या गाडीपुढे जाऊन उभे राहिले होते. "जरा पुढं नेऊन वाजवा. आमच्या इथं मंडळी मोठी होऊन राहिली." वाजवणाऱ्यांना वाटलं, घरात बाळंतीण आहे. त्यांनी गाडी खरंच चौकापर्यंत गुपचूप नेली.

आणि उन्हाळा. गारव्यात खडा वाढतो, उष्म्यात पाण्याला परत जायला लागतो. मे महिन्यात आपण सगळे उन्हाने हैराण असतो तेव्हा भाऊजी निवळकरांच्या आजारपणाने हैराण असतात. आम्ही त्यांच्यासाठी घेतलेल्या कूलरचं तोंड कायम कपाटाकडे असतं, आणि भाऊजी खोलीच्या दुसऱ्या टोकाला डोक्यावर ओला टॉवेल घेऊन बसलेले. शेजारी नोंदवही. कामावर असताना लिहायचे तशीच, तीन पाळ्यांची. "सकाळ पाळी. सर्व स्थिर. थोरली बोलली नाही." "दुपार पाळी. पोतं दोनदा भिजवलं. थोरली बोलली नाही." ती बोलावी अशी यांची अपेक्षा आहे की काय, हा विचार मला तेव्हा यायला हवा होता. आला नाही.

या वर्षीच्या मे महिन्यात आमच्या भागात पाइपलाइन फुटली आणि चार दिवस टँकर आले. टँकरमधलं पाणी चहासारखं. माझ्याकडे एका लग्नाच्या रुखवताच्या कुरड्या होत्या आणि नेमका चीक शिजवायचा दिवस. ज्यांनी कुरड्या केल्या आहेत त्यांना सांगायला नको. गहू तीन दिवस भिजवून, वाटून काढलेला तो चीक त्या उन्हात एक दिवससुद्धा थांबत नाही, आंबून वास मारतो. फिल्टर गाळाने बसलेला. पाण्याचे कॅन देणारा फोन उचलत नव्हता. किराणावाल्याकडची तुरटी सगळ्या वस्तीने आदल्याच दिवशी उचललेली. मी खाली अंगणातल्या ड्रमपाशी उभी राहून विचार करत होते, तर मंदाबाई म्हणाली, "बाई, वरच्या खोलीत भाऊजींपाशी नारळायेवढी तुरटी हाय. तिचं काय लोणचं घालाचं हाय का?"

भाऊजी घरात नव्हते. कोणा जुन्या सहकाऱ्याच्या निरोपसमारंभाला सकाळीच कोराडीला गेले होते. मी वर गेले. निळ्या बरण्यांना हात लावला नाही, मोरचूद विषारी असतो एवढं मला कळतं. पोतं बाजूला केलं, थोरलीला दोऱ्याने उचलून बाहेर काढलं, खाली आणलं आणि ड्रममध्ये गरागरा फिरवलं. वीस फेरे. मग पाणी चांगलं निवळावं म्हणून तिथेच सोडून दिली आणि कामाला लागले. अर्ध्या तासात वरचं पाणी काचेसारखं. त्याच पाण्यात चीक शिजला. इतक्या पांढऱ्या, इतक्या सुबक कुरड्या माझ्या हातून आजवर पडल्या नव्हत्या. मंदाबाई म्हणाली, "दृष्ट काढा याइची." मी खुशीत होते.

संध्याकाळी भाऊजी आले, वर गेले आणि मोकळी बरणी दोन्ही हातांत धरून खाली आले. बरणी त्यांनी अजूनही हलू दिली नव्हती.

"पाणी कोणं ढवळलं?"

"मी," मी म्हटलं. "तुरटी हवी होती. उद्या किलोभर आणून देते."

"आणा," ते म्हणाले. मग ड्रममध्ये हात घातला. दंडापर्यंत बाही भिजली. तळातून जे निघालं ते लिंबाएवढं होतं, आणि त्यातून हिरव्या दोऱ्याचं टोक बाहेर आलेलं. ते त्यांनी बरणीत ठेवलं आणि वर गेले. मी ड्रम पालथा केला, घासला, उन्हाची जागा बघून ठेवला. मी कामं मागे ठेवत नाही. दुसऱ्या दिवशी लांबच्या बाजारातून किलोभर तुरटी आणली आणि द्यायला वर गेले. ते झोपले होते. नोंदवही उघडी होती. "संध्याकाळ पाळी. पाणी ढवळलं गेलं. कारण: कुरड्या. थोरली पाण्यात." एवढंच. कारण लिहायला ते विसरले नव्हते.

तिसऱ्या दिवशी मी सोऱ्या पुसत होते, तेव्हा ते जिन्यात येऊन उभे राहिले. मला वाटलं, वांगी.

"तो कण तुमच्या ताईनं बांधला होता, वहिनी."

"कोणता कण?"

"थोरलीचा. हिरवा दोरा तिच्या साडीच्या फॉलचा हाय. मी म्हटलं नायलॉन घे, तो टिकते. तर म्हणे, हाच राहू द्या जी, मले याची गाठ चांगली जमते." मग म्हणाले, "तिले पाहाचं होतं केवढा होते ते. नाही झालं पाहून."

मी सोऱ्या खाली ठेवला. मला रडू वगैरे येत नाही. काहीतरी बिघडलं की ते कसं निस्तरायचं, एवढंच माझ्या डोक्यात येतं. म्हणून मी विचारलं, "तुमच्या निवळावर असं झालं तर काय करतात?"

आणि भाऊजींनी तिथल्या तिथे उत्तर दिलं. 'काय करायचं' या माझ्या प्रश्नाला, इतक्या वर्षांत पहिल्यांदा. मीच दचकले.

"पाणी फेकत नाहीत."

"मग?"

"आजूबाजूचे घेतात. ज्याच्या त्याच्या पुढच्या थरात थोडं थोडं येते."

मी पालथ्या ड्रमकडे पाहिलं. तो कोरडा ठणठणीत होता. पाणी आता या घरात एकाच जागी उरलं होतं. ते कडक वाळून, डब्यात भरून, झाकण लावून तयार होतं आणि दुसऱ्या दिवशी कोणाच्या तरी रुखवतात जायचं होतं. मी नवरीच्या आईला फोन केला आणि चार दिवस उशीर होईल म्हणून सांगितलं. वीस वर्षांत मी हे वाक्य कोणालाही म्हटलेलं नाही, त्यामुळे ते मला नीट जमलं नाही. पुन्हा गहू भिजवले, कॅनच्या पाण्यात दुसऱ्या कुरड्या केल्या, जरा पिवळसरच झाल्या. पहिल्या डब्यावर मी कागद चिकटवला, 'विकायचं नाही'. मंदाबाईने तो वाचला. "येवढ्या पांढऱ्या कुरड्या अन् घरात ठेवता? ऊन लागलं का, बाई?" मी तिला सगळं सांगितलं. ती ताईंना ओळखत होती. तिने डब्याचं झाकण आणखी घट्ट दाबलं आणि डबा वरच्या फळीवर ठेवला.

रविवारी मी त्यातल्या काही तळल्या. आमचे हे, मंदाबाई, मी आणि भाऊजी, असे चौघं स्वयंपाकघरात जमिनीवर बसलो. भाऊजींनी कुरडई उजेडात धरून सगळ्या बाजूंनी पाहिली, मग एक तुकडा मोडला, खाल्ला, सावकाश चावला.

"मीठ जास्त झालं, वहिनी."

मीठ मी काट्यावर तोलून घालते. चिमूटभर इकडचं तिकडे होत नाही. एरवी या वाक्यावर मी अर्धा तास बोलले असते. आमचे हे माझ्याकडे बघत होते. मी उठले आणि भाऊजींपुढे पाण्याचा तांब्या ठेवला.

त्याच बैठकीत मी त्यांना विचारलं, "भाऊजी, माझा राग आला होता का?" त्यांनी दुसरी कुरडई घेतली आणि विचार करायला लागले. आता पोळा होऊन गेला. थोरलीला पुन्हा पाण्यात सोडलं आहे, माझ्याच आणलेल्या तुरटीच्या. हिरवा दोरा अजून थोडा दिसतो, पण रोज जरा कमी. पापडाचं पीठ आता खाली अंगणात कुटतात, मंदाबाईची गुडघ्यांची तक्रार मी ऐकून घेते. उत्तर अजून आलेलं नाही. मी कधी कशाची वाट पाहिलेली नाही, गॅसवरच्या दुधाचीसुद्धा नाही, पण हे दिवाळीच्या सुमारास यावं असा अंदाज आहे. डब्यात चार कुरड्या उरल्या आहेत. त्या तेव्हा तळीन.